'ईना मीना डीका'मध्ये कोकणी कुठून आली? एका गाण्याचं प्रकरण

माझी आजी बांद्याची, म्हणजे सावंतवाडीच्याही पुढची, तिथून गोव्याची हद्द हाकेच्या अंतरावर. लहानपणी एकदा रेडिओवर 'ईना मीना डीका' लागलं होतं, आम्ही पोरं नाचत होतो, आणि आजी भाजी निवडता निवडता एकदम थांबून म्हणाली, "अगो बाय, हो तर माका नाका म्हणता!" आम्हाला वाटलं आजीला ऐकायला चुकलं, ते शब्द निरर्थकच आहेत, त्यांना कुठे अर्थ असतो. पण आजीचं बरोबर होतं. 'माका नाका' म्हणजे गोव्याच्या कोकणीत सरळ सरळ 'मला नको'. आमच्याकडे मालवणीत 'माका नको' म्हणतात, बांद्याच्या पलीकडे गेलात की 'नाका' ऐकू येतं.

तेव्हापासून हे डोक्यात बसलंय की हिंदी सिनेमातल्या गाण्यात, तेही रॉक अँड रोलच्या ढंगाच्या गाण्यात, कोकणी आली कुठून? त्याचा माग काढत गेलो आणि मला वाटतं एका प्रकारच्या संगीताचा दुसऱ्यावर परिणाम होतो म्हणजे नेमकं काय होतं ते समजायला यापेक्षा चांगलं उदाहरण आपल्या आसपास नाही. म्हणून हे सगळं सविस्तर लिहितोय.

आधी गाण्याची माहिती. सिनेमा 'आशा', 1957. संगीत सी. रामचंद्र, शब्द राजेंद्र कृष्ण, आवाज किशोर कुमार, आणि याच सिनेमात आशा भोसलेंच्या आवाजातही हे गाणं आहे. अण्णा (सी. रामचंद्रांना सगळे अण्णाच म्हणायचे) मूळ नगर जिल्ह्यातल्या पुणतांब्याचे, पूर्ण नाव रामचंद्र नरहर चितळकर, जन्म 1918 चा, आणि शिक्षण विनायकबुवा पटवर्धनांकडे, म्हणजे थेट विष्णु दिगंबरांच्या परंपरेतलं. पुढे मिनर्व्हा मूव्हीटोन या सिनेमा कंपनीत पेटी वाजवायला लागले. 'अनारकली'मधलं 'ये जिंदगी उसी की है' भीमपलासीत बांधणारा हाच माणूस, आणि 1963 साली 'ऐ मेरे वतन के लोगो'ची चाल करणाराही हाच. आता अशा माणसाच्या हातून 'ईना मीना डीका' होतं तेव्हा बरेच लोक म्हणतात की त्यांनी परदेशी रेकॉर्ड ऐकल्या आणि उचललं. बेनी गुडमनसारखे अमेरिकन जॅझवाले त्यांनी लक्ष देऊन ऐकले होते हे खरं आहे. पण नुसत्या रेकॉर्डी ऐकून असं गाणं होत नाही, कारण ते वाजवायचं कोणी? सारंगीवाल्याला आणि तबलजीला तुम्ही कितीही समजावून सांगा, त्यांच्या हातून ट्रम्पेटची ती झेप निघणार नाही, आणि निघावी तरी का, ते त्यांचं कामच नाही.

तर खरी गोष्ट त्या वाजवणाऱ्यांपासून सुरू होते, आणि तिची सुरुवात गोव्यातल्या चर्चमध्ये आहे.

पोर्तुगीजांच्या काळात गोव्यात गावोगावच्या चर्चला जोडून संगीताची शाळा असायची. तिथे मेस्त म्हणजे मास्तर मुलांना सोल्फेज शिकवायचे, म्हणजे पाच रेघांवर लिहिलेले स्वर बघून गायला शिकायचं, मग व्हायोलिन नाहीतर बाकी कुठलं वाद्य हातात. हेतू चर्चमधल्या प्रार्थनेचा, पण त्यातून झालं असं की गरीब शेतकऱ्याच्या, पदेराच्या म्हणजे पाववाल्याच्या घरातल्या पोरालाही लिहिलेलं संगीत वर्तमानपत्रासारखं वाचता यायला लागलं. ही फार मोठी गोष्ट आहे आणि आपण मराठी लोक ती कधी मोजतच नाही. गोव्यात नोकऱ्या नव्हत्या, मग ही मुलं मुंबईला यायची, धोबी तलावला, माझगावला आपापल्या गावाच्या कुडात उतरायची. कूड म्हणजे गावकऱ्यांनी मिळून चालवलेली खोली, भाडं नाममात्र, भिंतीशी सामानाच्या पेट्या ओळीने लावलेल्या, एका बाजूला अल्तार म्हणजे देवघर, संध्याकाळी सगळ्यांनी मिळून तेर्स, म्हणजे जपमाळेची प्रार्थना. तिथून कोणी पोलीस बँडमध्ये, कोणी बोटीवर, कोणी मूकपटाच्या थिएटरात पडद्यापुढे वाजवायला. 1931 साली 'आलम आरा' आला, सिनेमा बोलू लागला आणि थिएटरातलं ते काम गेलं. ही पहिली नोकरी गेली हे लक्षात ठेवा, पुढे अजून एक जाणार आहे.

मग हॉटेलं. 1935 साली लिऑन अ‍ॅबी नावाचा अमेरिकन कृष्णवर्णीय बँडलीडर आपला बँड घेऊन मुंबईच्या ताजमध्ये आला. त्याच्यामागून क्रिकेट स्मिथ आला, टेडी वेदरफर्ड आला. ही सगळी खऱ्या जॅझची माणसं, आणि ती इथे नुसती येऊन गेली नाहीत, राहिली, इथल्या वाजवणाऱ्यांना बँडमध्ये घेतलं. गोव्याच्या मुलांकडे वाचता येण्याचं कौशल्य होतंच, आता स्विंग, म्हणजे जॅझचा तो झुलता ठेका, कसा धरायचा, लिहिलेल्यापासून सुटून स्वतःचं कसं वाजवायचं हे त्यांना शेजारी बसून शिकायला मिळालं. बार्देशातल्या हळदोण्याचा आंतोनियो शाव्हियेर वाझ नावाचा ट्रम्पेटवाला मुंबईत चिक चॉकलेट या नावाने गाजला, अमेरिकन जॅझचा प्रख्यात ट्रम्पेटवाला लुई आर्मस्ट्राँग, त्याच्यावरून लोक याला हिंदुस्थानचा लुई आर्मस्ट्राँग म्हणायचे. मिकी कोरियाचा बँड 1939 पासून वीसेक वर्षं ताजमध्ये वाजत होता.

आणि इथे दुसरी नोकरी जाते. 1949 चा मुंबई राज्याचा दारूबंदी कायदा आला, पुढच्या वर्षी पूर्ण दारूबंदी झाली. दारू नाही तर हॉटेलात रात्री बसणार कोण, नाचणार कोण, आणि बँडला पैसे देणार कोण? शिवाय फाळणीनंतर लाहोरकडचे बँडवालेही इकडे आलेले, सेबॅस्टियन डिसोझा त्यातलेच, जे पुढे ओ. पी. नय्यर आणि शंकर-जयकिशन यांचे अरेंजर, म्हणजे चालीभोवतीचं वाद्यसंगीत लिहून देणारे, झाले. साहेब लोकही निघून गेलेले. एवढे सगळे तयार वाजवणारे आणि काम आटलेलं. शेजारीच सिनेमाचे स्टुडिओ होते आणि तिथे गाण्यांचा कारखाना सुरू झालेला. मला विचाराल तर हिंदी गाण्यात जॅझ येण्यात मोरारजीभाईंच्या दारूबंदीचा वाटा कुठल्याही परदेशी रेकॉर्डपेक्षा मोठा आहे. फिल्ममध्ये गोव्याची माणसं आधीपासून होती, चिक चॉकलेटही होता, पण जे थोडे होते ते आता लोंढ्याने आले.

आता स्टुडिओत नेमकं काय व्हायचं ते बघू, कारण सगळी गंमत तिथेच आहे. संगीतकाराची सिटिंग असायची, गादी, पेटी, तबला, गीतकार समोर. संगीतकार चाल म्हणतोय, सारेगममध्ये विचार करतोय. बाजूला असिस्टंट बसलाय, बहुतेक वेळा गोव्याचा, मांडीवर कागद, आणि हा माणूस ऐकलेली चाल त्याच क्षणी पाच रेघांवर उतरवतोय. इथपर्यंत तो लेखनिक आहे. पण चाल म्हणजे फक्त गायकाची ओळ झाली, मुखडा संपला की अंतरा सुरू होईपर्यंत मधल्या जागेत काय वाजणार, गायकाच्या मागे व्हायोलिनं काय करणार, ट्रम्पेट कुठे घुसणार, खालचा बास कसा चालणार, हे सगळं पुष्कळदा त्या असिस्टंटच्या डोक्यातून यायचं. आपल्या संगीतात एकावर एक स्वर रचायची, म्हणजे हार्मनीची, पद्धत नाही, पूर्वी फिल्मी वाद्यवृंदही सगळे मिळून तीच ओळ वाजवायचे. ते रचणं चर्चमध्ये वाढलेल्या माणसाच्या अंगात होतं कारण लहानपणापासून त्याने चार आवाजांत प्रार्थना गायलेली. मग तो प्रत्येक वाद्याचा वेगळा कागद लिहायचा, सकाळी रेकॉर्डिंगला वाटायचा, आणि वाजवणारे कागद बघून पहिल्या झटक्यात वाजवायचे. एकच ट्रॅक, सगळे एका खोलीत, गायकासकट, कोणी चुकलं की पुन्हा पहिल्यापासून. ट्रम्पेटवाले मागे भिंतीकडे उभे कारण त्यांचा आवाज माईक खाऊन टाकायचा. संध्याकाळी दुसऱ्या स्टुडिओत दुसऱ्याचं गाणं.

म्हणजे भीमपलासी डोक्यात असलेला संगीतकार आणि फॉक्सट्रॉटसारखं पाश्चात्य नाचाचं संगीत बोटांत असलेला अरेंजर एकाच गादीवर बसले आणि दोघांनाही एकमेकांचं व्याकरण पूर्ण येत नव्हतं. मला वाटतं हेच कामी आलं. दोघांना एकमेकांचं सगळं येत असतं तर दोघांनी जपून जपून काम केलं असतं.

अण्णांचा मोठेपणा हा की त्यांनी या माणसांना नुसतं वाजवायला ठेवलं नाही, त्यांना बोलू दिलं. 1947 च्या 'शहनाई'मधलं 'संडे के संडे' ऐका, गिटार, हार्मोनिका, शीळ, आणि गाणं कसं तर एका साहेबी थाटाच्या माणसाचं. 1950 च्या 'समाधी'त 'गोरे गोरे ओ बांके छोरे', यात तर लॅटिन ठेका, आणि चालही लॅटिन गाण्यावरूनच घेतलेली, ते लपवण्यात अर्थ नाही. मग 1951, भगवानदादांचा 'अलबेला'. त्यात चिक चॉकलेट अण्णांच्या मदतीला, आणि नुसता मागे नाही, तो आणि त्याचे लोक झालरीच्या बाह्यांचे लॅटिन पद्धतीचे कपडे घालून पडद्यावर दिसतात. 'शोला जो भडके'मध्ये बोंगो, ओबो, ट्रम्पेट, क्लॅरिनेट, सॅक्सोफोन. बोंगो, माराकस असली लॅटिन तालवाद्यं फिल्मी गाण्यात आणायचं मोठं काम कावस लॉर्ड या पारशी गृहस्थाचं, त्यांची मुलं केरसी आणि बुजी हीदेखील पुढे याच लाइनमध्ये नावाजली. 'अलबेला'तलंच 'धीरे से आजा' मात्र लोरी, पिलूच्या अंगाने जाणारी. एकाच सिनेमात दोन्ही आहे, आणि ऐकताना कुठेही खटकत नाही.

1952 च्या 'शिन शिनाकी बूबला बू'मध्ये अण्णांनी अजून एक पाऊल टाकलं, जॅझमधलं स्कॅट, म्हणजे शब्दांऐवजी निरर्थक अक्षरं घेऊन आवाजाला वाद्यासारखं वाजवायचं. स्कॅटची लोकप्रियता जाते आर्मस्ट्राँगपर्यंत, 1926 च्या 'हीबी जीबीज'पर्यंत. आणि अण्णांच्या बाजूला कोण होता तर हिंदुस्थानचा आर्मस्ट्राँग. मला नेहमी वाटतं की आपल्या माणसाला स्कॅट परका वाटला नाही याचं कारण आपल्याकडेही अर्थाशिवाय अक्षरं गायची सवय आहेच. तराणा घ्या, 'अडगुलं मडगुलं' घ्या, राज्य कोणावर ठरवताना म्हणायचं 'अटक मटक चवळी चटक' घ्या. त्याला अर्थ विचारतं का कोणी?

आणि नेमकी अशीच एक राज्य ठरवायची ओळ 1957 च्या गाण्याच्या मुळाशी आहे. हकीकत अशी सांगतात की अण्णांच्या म्युझिक रूमबाहेर मुलं खेळत होती आणि इंग्रजीतलं 'ईनी मीनी मायनी मो' म्हणत होती. अण्णांना आणि त्यांचे असिस्टंट जॉन गोम्स यांना ते कानाला गोड लागलं, त्यावरून 'ईना मीना डीका' तयार झालं, पुढची अक्षरं जोडत गेले. गोम्स गोव्याचे. त्यांनी टाकलं 'माका नाका'. बस, एवढंच झालं. कोणी ठरवून कोकणी आणली नाही, 'आपण वेगवेगळ्या संस्कृतींचा मेळ घालूया' असं कोणी म्हणालं नाही, एका माणसाला ठेक्यात बसणारी चार अक्षरं हवी होती आणि त्याच्या तोंडात घरची भाषा आली. मुलाने ताटात वाढलेलं नको म्हणून सरकवावं तसे शब्द, माका नाका, स्वयंपाकघरातले.

या प्रसंगात मला सगळ्यात मोलाचं वाटतं ते हे की चाल आणि शब्द करणाऱ्यांच्या खोलीत असिस्टंट बोलू शकत होता. बऱ्याच ठिकाणी असिस्टंटने गप्प लिहायचं असतं. इथे त्याने शब्द सुचवला आणि तो राहिला.

आता रॉक अँड रोलचं. हे हिंदीतलं पहिलं रॉक अँड रोल की दुसरं की पाचवं यावर लोक भांडतात, त्यात मला रस नाही. जास्त महत्त्वाचं हे आहे की अमेरिकेत बिल हॅलीचं 'रॉक अराउंड द क्लॉक' नुकतंच धुमाकूळ घालून गेलेलं, आणि ती हवा मुंबईत पोचली तेव्हा इथे ते वाजवायला इलेक्ट्रिक गिटार घेतलेली पोरं फारशी नव्हती. होते ते हॉटेलातल्या स्विंग बँडचे अनुभवी लोक. रॉक अँड रोलचं मूळ कृष्णवर्णीयांच्या ऱ्हिदम अँड ब्लूजमध्ये, ते त्या बिग बँडच्याच घरातलं, चुलत भावंडं म्हणा, खुद्द हॅलीच्या बँडमध्येही सॅक्सोफोन होताच. त्यामुळे या मंडळींना नवीन काही शिकावं लागलं नाही, फक्त वेग वाढवला आणि ठेका घट्ट केला. म्हणूनच 'ईना मीना डीका' ऐकताना गिटारपेक्षा सॅक्स-ट्रम्पेटचा धुमाकूळ जास्त कानात राहतो. नक्कल करायची म्हटली असती तर हे असं झालं नसतं, हे झालं कारण जे हाताशी होते त्यांनी आपल्या पद्धतीने वाजवलं. वर किशोर कुमार, ज्याला शास्त्रोक्त तालीम नव्हती, आणि ज्याच्या गळ्याला अक्षरांचा खुळखुळा करून वाजवायला मनापासून आवडायचं. दुसरा कुठला गायक इतका मोकळा सुटला असता असं मला वाटत नाही.

या सगळ्यावर टीका भरपूर झाली. त्या काळचे नभोवाणी मंत्री बाळकृष्ण केसकर, आपले पुण्याचेच, यांना फिल्मी गाणी उथळ आणि पाश्चात्य वळणाची वाटायची, 1952 साली आकाशवाणीवरून फिल्मसंगीत जवळजवळ हद्दपारच झालं. लोक रेडिओ सिलोन लावून ऐकू लागले, बिनाका गीतमाला तिथूनच. शेवटी सरकारलाच 1957 च्या ऑक्टोबरमध्ये विविध भारती सुरू करावी लागली, म्हणजे ज्या वर्षी 'ईना मीना' आलं त्याच वर्षी. केसकरांना शास्त्रीय संगीताची खरी तळमळ होती हे मी नाकारत नाही, आकाशवाणीवर त्यांनी त्यासाठी पुष्कळ केलं. पण त्यांचं एक गृहीतक मला पटत नाही, ते म्हणजे हे परकं आहे. गोव्याच्या खेड्यात चारशे वर्षं मुरलेलं संगीत परकं कसं? मग पेटी कुठली? ती तर युरोपातूनच आली आणि आज भजनी मंडळात पेटीशिवाय पान हलत नाही.

मला खरी तक्रार करायची आहे ती वेगळीच. गाण्याच्या माहितीत आजही संगीतकार, गीतकार, गायक अशी तीन नावं येतात आणि तिथे यादी संपते. अरेंजर असिस्टंट म्हणून श्रेयनामावलीत आला तर आला, वाजवणारे तर नाहीच. पन्नासच्या दशकातल्या किती गाण्यांच्या मधल्या संगीतावर आपण जीव टाकतो, ते म्युझिक वाजल्याशिवाय गाणं पूर्णच होत नाही, आणि ते कोणी लिहिलं हे आपल्याला माहीत नसतं. एकाच माणसाच्या नशिबात नाव आलं, तेही गंमतीच्या वाटेने. माजोर्ड्याचे व्हायोलिनवादक अँथनी गोन्साल्विस, राग आणि पाश्चात्य वाद्यवृंद एकत्र आणायचा ध्यास घेतलेला माणूस, 1958 मध्ये मुंबईच्या सेंट झेवियर्स कॉलेजच्या प्रांगणात त्यांनी असा मोठा कार्यक्रमही केला. त्यांच्याकडे शिकलेल्या प्यारेलालजींनी 1977 साली 'अमर अकबर अँथनी'च्या गाण्यात गुरूचं नाव घातलं, आणि सगळा देश ते नाव गातो पण हा खरा माणूस होता हे कितीजणांना ठाऊक आहे? जॉन गोम्सना तेवढंही मिळालं नाही.

हा प्रवाह उलटाही वाहिला, ते थोडक्यात सांगतो. अण्णांकडे आणि इतरांकडे असिस्टंट म्हणून राबलेले ट्रम्पेटवादक फ्रँक फर्नांड यांनी मुंबईत मिळवलेलं घेऊन कोकणी सिनेमे काढले, 1963 चा 'आमचें नशीब' आणि 1966 चा 'निर्मोण', पहिल्याचं संगीत ख्रिस पेरींचं, आणि त्या गाण्यांत तियात्राची (कोकणी नाटकांची) कांतारां म्हणजे गाणी, मांडो हे गोव्याचं जुनं नाचगाणं, स्विंग सगळं एकत्र नांदतं. अण्णा स्वतः पुढे मराठीत 'घरकुल'साठी 'मलमली तारुण्य माझे' करतात आणि त्याच सिनेमात 'नंबर फिफ्टी फोर'ही देतात.

आणि रस्त्यावरचं तर विचारूच नका. भगवानदादा, गिरणी कामगाराचा मुलगा, 'शोला जो भडके'वर खांदे सैल सोडून, हात कोपरात वाकवून, जागच्या जागी जे डोलले, तो डोल गणपतीच्या मिरवणुकीत आजही आहे. परळ-लालबागला बेंजो पार्टीपुढे नाचणारा विशीतला मुलगा बघा, त्याला ताज हॉटेलचा बँड माहीत नाही, हळदोणं माहीत नाही, पण खांदे तेच बोलतात.

गेल्या मे महिन्यात बांद्याला गेलो होतो, आजी आता नाही, मामाच्या नातवाला फोनवर 'ईना मीना' लावून दिलं. पाच वर्षांचा आहे, आई पणजीची. दुसऱ्यांदा ती ओळ आली तसा पोरगा आईकडे वळून म्हणाला, "मम्मा, ताका कितें नाका?"